कोण ही सुलक्षणा पाटील?

९ नोव्हेंबर २०२५, रविवार

डॉक्टरीणबाई म्हणाल्या, बी.पी.ची गोळी चालू ठेवा आणि मनात येईल ते लिहून काढत जा, छातीतली धडधड कमी होईल. मेडिकलवाल्याने यंदाची उरलेली डायरी फुकट दिली, तर लिहिते. माझ्या मनात सध्या एकच येतं, भीती. उद्या कोर्टात तारीख आहे.

दावा बोळाचा आहे. आबांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, जाताना हे घर माझ्या नावावर केलं. माझे मालक वारले, मूलबाळ नव्हतं, म्हणून मी एरंडोलचं सासर सोडून इथं आले आणि पुढच्या खोलीत पिठाची गिरणी टाकली. घराला वाट एकच, बैलगाडी जेमतेम जाईल एवढा बोळ. मागे नाला, दोन्ही अंगांना लोकांच्या भिंती. बोळाच्या तोंडाशी प्रेमराजचं घर आहे. तो म्हणतो, बोळ त्याच्या जागेतला आहे आणि तिथं त्याला गाळे काढायचेत. बोळ बुजला तर मी आणि गाद्या भरून विकणारी माझी शेजारीण मुमताज, दोघी घरात कोंडल्या जाऊ. माझ्याकडे दळण यायचं नाही की तिच्या गाद्या बाहेर पडायच्या नाहीत. म्हणून मी दावा लावला. निकाल लागेपर्यंत बांधकाम करू नये अशी कोर्टाने त्याला मनाई केली आहे. त्या मनाईच्या जिवावर माझी गिरणी चालू आहे.

प्रेमराज परका नाही, माझा मानलेला भाऊ आहे. फ्रॉकात होते तेव्हापासून त्याला राखी बांधते, यंदाही बांधली. तो म्हणतो, "बेबी, भांडण कोर्टमा, नातं घरमा." असा प्रतिवादी मिळायला नशीब लागतं.

माझे जीवराम वकील उद्या सकाळी धुळ्याच्या कोर्टात आहेत. म्हणाले, "मी दुपारपर्यंत येतोच. तुम्ही फक्त दाराबाहेर बसा. पुकारा झाला की आत जा, हात जोडा आणि 'वकील येताहेत' एवढंच सांगा." एवढंच म्हणे! संध्याकाळपासून तेवढंच घोकते आहे आणि तेही चुकतं आहे.

१० नोव्हेंबर, सोमवार

सुटले बाई! आपला नंबर आलाच नाही.

सकाळी कोर्टाच्या व्हरांड्यात बाकावर जाऊन बसले. काळा कोट दिसला की उठून उभी राहायचे. पट्टेवाला दारात येऊन नावं पुकारायचा आणि आवाज असा की मेलेलं माणूस उठावं. तेवढ्यात प्रेमराज आला. त्याचा वकील आत गेला आणि तो माझ्या शेजारीच बसला. म्हणाला, "बेबी, तू कसाले घाबरस? मी शे ना आठे." माझ्यासाठी चहा आणला. आबांच्या आठवणी काढल्या, ते बैलपोळ्याला कसे नाचायचे ते सांगून मला हसवलं. मग मोबाइल काढून म्हणाला, "दोन्ही पार्ट्या एकच बाकवर! हास ना थोडी." आमचा दोघांचा फोटो काढला. चहाचा ग्लास हातात धरून मी चांगली हसलेली आले आहे.

आमचा चहा चालू असताना पट्टेवाल्याने कुणा सुलक्षणा पाटीलचा पुकारा केला. "सुलक्षणा पाटील हाजिर है?" एकदा, दोनदा, तीनदा. बया आलीच नाही. आमच्या तालुक्यात दगड भिरकावला तर पाटलाला लागतो, तेव्हा असेल कुणी. मला मात्र वाईट वाटलं. मी प्रेमराजला म्हटलं, "काय बाई असेल, स्वतःची तारीख आणि पत्ता नाही." तो ग्लासात बघत म्हणाला, "ज्यानं त्यानं नशीब, बेबी."

वकील काही आले नाहीत आणि फोनही लागेना. संध्याकाळी प्रेमराजच म्हणाला, "जज साहेब उठनात. चाल, तुले गाडीवर सोडस." वादी-प्रतिवादी एका मोटरसायकलवर! मुमताजने दारातून पाहिलं आणि तोंडात बोट घातलं.

आज गोळी न घेताही झोप लागेल.

१२ नोव्हेंबर, बुधवार

दळण अर्धवट टाकून लिहायला बसले आहे.

जीवराम वकिलांचा फोन आला. आधी ओरडले. म्हणाले, "तुम्ही गेला का नाहीत? तुमचा दावा गैरहजेरीत काढून टाकला!" मी म्हटलं, साहेब, मी दिवसभर बाकावर बसून होते, माझा पुकारा झालाच नाही. ते म्हणाले, "झाला. तीनदा झाला. रोजनाम्यात लिहिलंय, वादी सुलक्षणा अभिमन पाटील पुकारा करूनही गैरहजर."

माझ्या हातातून फोन पडला.

सुलक्षणा अभिमन पाटील म्हणजे मी. ती बया मीच.

कुणाला सांगावं हे? मला जन्मल्यापासून सगळे बेबी म्हणतात, आता वय झालं तर बेबाबाई. शाळेत घालताना मास्तर म्हणाले, बेबी हे काय नाव झालं, आणि त्यांनी आपल्या मनाने सुलक्षणा लिहून टाकलं. शाळेत हजेरी नंबरावर व्हायची, मी नेहमी सतरा नंबर. लग्नात सासरच्यांनी ताटातल्या तांदळात अंगठीने ज्योत्स्ना लिहिलं आणि एरंडोलला मी ज्योत्स्ना झाले. आबांनी घर नावावर केलं ते शाळेच्या दाखल्यावरून, म्हणून दावाही त्याच नावाने. वकील सांगतील तिथं मी ते नाव लिहून सही केली आहे. वाचलं तर मला ते माझं म्हणून कळतं. पण या जन्मात त्या नावाने मला कुणी हाक मारलेली नाही.

आणि मी त्या बाईची कीव करत चहा पीत बसले होते!

दावा गेला म्हणजे मनाईही गेली. आता काय होणार?

१३ नोव्हेंबर, गुरुवार

झालंच. सकाळी बोळाच्या तोंडाशी विटांचा ट्रॅक्टर रिकामा झाला. दुपारी गवंडी आला आणि दोरी लावली. मी धावत गेले तर प्रेमराज म्हणाला, "मी काय करू बेबी? कोर्टनाच हुकूम शे." त्याच्या डोळ्यांत अगदी पाणी होतं. धुळीने असेल.

मुमताज कंबरेवर हात ठेवून मला म्हणाली, "बेबी, एक बात सांग. कोर्ट में दुश्मन को चाय कोन पिलाता है?" मी म्हटलं, तो दुश्मन नाही, भाऊ आहे. ती वळून आपल्या गाद्या मोजायला लागली. ते मला आवडलं नाही.

१५ नोव्हेंबर, शनिवार

वकिलांकडे गेले होते. आता निवळले आहेत. धुळ्याला अडकलो ही माझीही चूक, म्हणाले. उपाय आहे. महिन्याच्या आत अर्ज करायचा, सबळ कारण दाखवायचं, मग दावा पुन्हा नंबरावर घेतात. "कारण सोपं आहे," ते म्हणाले. "तुम्हाला ताप होता. डॉक्टरचं सर्टिफिकेट आणा. सगळे हेच करतात."

मी म्हटलं, पण मी तर तिथं होते.

"ते कुणाला माहीत आहे? बाई, स्वतःचं नाव ओळखू आलं नाही असं मी लिहिलं तर कोर्ट मला हसेल."

येताना एस.टी.त सारखं वाटत होतं की सगळे माझ्याकडेच बघताहेत. भिंतीचे तीन थर झालेत. ओलांडताना लुगड्याचा काठ अडकला.

१८ नोव्हेंबर, मंगळवार

प्रेमराज स्वतःहून घरी आला. खाटेवर बसला, कळण्याची भाकरी आणि ठेचा मागून खाल्ला. म्हणाला, "माले रात झोप लागत नही, बेबी. तू सांगी दे, त्या दिनले मी आजारी व्हती. दावा परत लागी. मी आडवा येवाव नही." त्याच्या ओळखीचा एक डॉक्टर आहे, हवं तसं लिहून देतो. परवा प्रेमराज मला स्वतः तिथं घेऊन जाणार आहे.

मी म्हटलं, मग तोवर भिंत थांबव ना. म्हणाला, गवंड्याला उचल दिलेली आहे, तो ऐकत नाही.

माझ्यासाठी एवढं कोण करतं? तरी माझं मन का घेत नाही कळत नाही. वकील सांगतात खोटं बोल, प्रतिवादी सांगतो खोटं बोल, मग मीच कोण मोठी हरिश्चंद्राची लेक लागून गेले?

२० नोव्हेंबर, गुरुवार

मी पळून आले. माझ्यासारखी भित्री बाई पंचक्रोशीत नसेल.

दवाखान्यात गर्दी होती. प्रेमराज बाहेर गाडीपाशी थांबला. आतल्या माणसाने कागद पुढे ओढला आणि भाजीवाल्याने विचारावं तसं विचारलं, "काय टाकू? टायफॉइड, कावीळ की नुसता व्हायरल?" माझ्या डोळ्यांपुढे कोर्ट आलं. साहेब विचारतील, कोणत्या गोळ्या घेतल्या, कोण होतं जवळ, पाणी कुणी पाजलं? मला खोटं बोलता येत नाही. हे पुण्य नव्हे, भीती आहे. लहानपणी गूळ चोरला तर विचारायच्या आधीच रडायचे. पिंजऱ्यात उभी राहून खोटी शपथ घेतली तर मी तिथंच भोवळ येऊन पडेन आणि मग खरंच आजारी ठरेन.

उठले आणि मागच्या दाराने बाहेर पडले. एक चप्पल आतच राहिली. एका चपलेनिशी रिक्षात बसून घरी आले.

संध्याकाळी प्रेमराज आला आणि पहिल्यांदाच आवाज चढवून बोलला, "मी एवढं कोणासाठी करी राहिनू?" मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. त्याने चप्पलही आणली नाही.

२४ नोव्हेंबर, सोमवार

जीवराम वकिलांना सांगितलं, जे झालं तेच लिहा. त्यांनी कपाळाला हात लावला.

"कोर्ट हसेल."

"हसू द्या. खोटं बोलले तर मी पडेन, आणि पडलेल्या बाईला उचलायला तुम्ही धुळ्याहून यायचे नाहीत."

त्यांनी पेनाचं टोपण काढलं. मग लिहायला लागले. प्रतिज्ञापत्र वाचून दाखवलं तेव्हा माझं मलाच ते वेडगळ वाटलं. "वादी आवारात हजर होती, परंतु पुकारलेले नाव स्वतःचे असल्याचे तिच्या ध्यानात आले नाही." असं कुणी खरं मानेल का? मी न्यायाधीश असते तर मानलं नसतं.

७ डिसेंबर, रविवार

भिंत कमरेपर्यंत आली. अलीकडून पलीकडून एकेक स्टूल ठेवलं आहे, त्यावरून चढउतार करते आणि रात्री माझ्या बाजूचं उचलून आत घेते. गोणी घेऊन कोण येणार? आठवड्यात चार दळणं आली, तीही पोरींनी डब्यातून आणलेली. पट्टा सैल पडून गिरणीत उंदीर फिरताहेत. मुमताजने एक गादी भिंतीवरून ढकलली ती चिखलात पडली आणि गिऱ्हाईक परत गेलं.

रात्री दचकून उठते. आग लागली तर? छातीत कळ आली तर? मेलेच तर मला भिंतीवरून द्यावं लागेल, पार्सलसारखं. मुमताजला हे सांगितलं तर ती हसत सुटली आणि मग दोघी रडलो.

१६ डिसेंबर, मंगळवार

मुमताजने शाळा सुरू केली आहे. तारीख मिळाली आहे ८ जानेवारीची, आणि मला धास्ती ही की त्या दिवशी पुन्हा पुकारा होईल आणि मी पुन्हा बसून राहीन. म्हणून ती दिवसभरात केव्हाही आपल्या दारातून ओरडते, "सुलक्षणा पाटील हाजिर है?" आणि मी असेन तिथून "हजर" म्हणायचं.

पहिल्या दिवशी एकदाही जमलं नाही. मी पीठ चाळत होते, आवाज ऐकला आणि मनात म्हटलं, ही कुणाला बोलावते आहे? मुमताज कापसाने माखलेली आत आली. "अगं बाई, तेरा नाम है! मेरा नहीं!" काल तीन वेळा जमलं. आज तिने मुद्दाम मी देवापुढे डोळे मिटून बसले असताना हाक मारली. मी "हजर" म्हटलं ते इतक्या मोठ्याने की निरांजन विझलं.

पण खरं सांगते, ते नाव ऐकलं की अजून अंगावर काटा येतो. कोर्टाने बोलावल्यासारखं वाटतं, आईने बोलावल्यासारखं नाही.

२९ डिसेंबर, सोमवार

प्रेमराज हल्ली समोर आला की मान फिरवतो. मुमताज म्हणते, त्याच्या वकिलाने अर्जावर लेखी हरकत घेतली आहे. मी म्हटलं, शक्य नाही, तो आडवा येणार नाही म्हणाला होता. जीवराम वकिलांना फोन केला. हरकत खरी आहे. प्रेमराजच्या वकिलाकडे काहीतरी पुरावा आहे म्हणे, तो आयत्या वेळी काढणार.

कसला पुरावा? मी काय केलंय? बी.पी. पुन्हा चढलं.

८ जानेवारी २०२६, गुरुवार

सगळं क्रमाने लिहिते, नाहीतर उद्या मलाच खरं वाटणार नाही.

मी व्हरांड्यात बसलेच नाही. दाराला टेकून उभी होते, पट्टेवाल्याने दोनदा बाजूला केलं. आज जीवराम वकील माझ्याआधी आले होते. पुकारा झाला. "सुलक्षणा पाटील..." त्याचं "हाजिर है" व्हायच्या आत मी "हजर!" म्हणून ओरडले. आतले सगळे वळून बघायला लागले. पट्टेवाल्याने कानात बोट घातलं.

प्रेमराजचा वकील उभा राहिला, माझा अर्ज त्याच्या पुढ्यात न उघडलेलाच होता. म्हणाला, वादी कोर्टाची दिशाभूल करते आहे, त्या दिवशी ती आजारी वगैरे मुळीच नव्हती, धडधाकट होती, आणि हा त्याचा पुरावा. त्याने मोठा करून आणलेला फोटो पुढे केला. बाकावर मी आणि प्रेमराज, माझ्या हातात चहाचा ग्लास, खाली तारीख आणि वेळ. साहेबांनी फोटो पाहिला, मग माझं प्रतिज्ञापत्र पाहिलं. "आजारी होते असं त्या कुठं म्हणताहेत? त्या तर म्हणतात, मी इथंच होते." वकिलाने प्रेमराजकडे पाहिलं, प्रेमराजने वकिलाकडे.

साहेबांनी मला विचारलं, "बाई, तुमचं नाव काय?" मी म्हटलं, "साहेब, कोणतं सांगू? गावात बेबी, एरंडोलला ज्योत्स्ना, कागदावर सुलक्षणा." कोणीतरी हसलं. साहेब हसले नाहीत.

प्रेमराजचा वकील म्हणाला, स्वतःचं नाव कळत नाही ही शुद्ध थाप आहे. तेव्हा साहेबांनी प्रेमराजलाच पुढे बोलावलं. "हा फोटो तुम्ही काढला? पुकारा झाला तेव्हा तुम्ही यांच्या शेजारी होता?"

"व्हय साहेब."

"मग यांचं नाव पुकारलं गेलं हे तुम्ही यांना सांगितलं का नाही?"

प्रेमराज घामाघूम झाला. म्हणाला, "साहेब, माले काय माहीत सुलक्षणा कोन ती? हाई ते बेबी शे. बठ्ठा गाव हिले बेबीच म्हणस. मी हिले जनमपासून वळखस, हाई नाव कधी ऐकंच नही!"

त्याच्या वकिलाने डोळे मिटून घेतले. साहेबांनी पेन खाली ठेवलं. म्हणाले, "तुम्ही दिलेल्या लेखी कैफियतीच्या पहिल्याच पानावर हे नाव आहे, तरी तुम्हाला ऐकून कळलं नाही. मग या बाई याहून वेगळं काय सांगताहेत?"

दावा पुन्हा नंबरावर घेतला. जीवराम वकिलांनी लगेच मनाईचं विचारलं. साहेब म्हणाले, पुढच्या तारखेपर्यंत जागेवर जैसे थे.

बाहेर आल्यावर प्रेमराज जिन्यापाशी दिसला. त्याने फोटो जपून ठेवला नसता आणि भर कोर्टात खरं बोलला नसता तर मी आज कुठे असते? मी त्याच्यापुढे हात जोडले आणि म्हटलं, "भाऊ, तुझे उपकार कसे फेडू?" त्याने माझ्याकडे असं बघितलं की मी एक पायरी मागे सरले. मग तो किक मारून निघून गेला. जीवराम वकील रुमालाने तोंड दाबून का खोकत होते कोण जाणे.

१४ जानेवारी, बुधवार

भिंत कमरेइतकीच आहे, कोर्टाची नोटीस आल्यापासून गवंडी फिरकलाच नव्हता. जैसे थे म्हणजे पाडायचीही नाही आणि चढवायचीही नाही. पण कोर्टाने दावा घेतला हे कळल्यावर लोक डबे घेऊन स्टुलावरून यायला लागले. आज संक्रांतीच्या बाजरीची दळणं होती, दुपारपर्यंत गिरणी थांबली नाही. पुढची तारीख फेब्रुवारीत आहे. निकाल काय लागेल ते देव जाणे.

संध्याकाळी वाटीत तिळगूळ घेतला आणि भिंतीपर्यंत गेले. मुमताज म्हणाली, जाऊ नको. पण इतक्या वर्षांत प्रेमराजला दिल्याशिवाय मी कधी तोंडात टाकला नाही. तो पलीकडे उरलेल्या विटा रचत होता. मी म्हटलं, "भाऊ, तिळगूळ घे. गोड बोल म्हणून तुला काय सांगायचं, तू कायम गोडच बोलत आलास."

त्याने वर पाहिलं नाही. हातातली वीट ठेवली आणि म्हणाला, "तिथं भिंतीवर ठेवा, सुलक्षणाबाई."

तालीम सोडली तर गावात त्या नावाने मला कुणी पहिल्यांदाच हाक मारली. मुमताजने महिनाभर घोकून घेतलं, तरी कधीकधी दुसऱ्या हाकेची वाट बघावी लागायची. आज पहिल्याच हाकेला कळलं की हे मलाच म्हणताहेत.

वाटी भिंतीवर ठेवली आणि स्टूल न उचलता परत आले.